सोन्याची लगड आणि उंदराचा जबडा



समजा, समुद्राच्या तळाशी बुडालेल्या एका जुन्या जहाजातून दोन वस्तू वर आल्या. एक आहे सोन्याची लगड, पिवळीधमक आणि हाताला जड लागणारी. दुसरी आहे उंदराच्या जबड्याचा एक चिमुकला तुकडा, नखाएवढा. यांतली एकच वस्तू ठेवता येईल, दुसरी परत पाण्यात टाकावी लागेल. तुम्ही कोणती ठेवाल?

या प्रश्नाचे उत्तर द्यायला कोणी फारसा वेळ घेणार नाही. गेली साडेतीनशे वर्षे समुद्रात खजिना शोधणाऱ्या धाडसी लोकांनीही तेच उत्तर दिले. पण या उत्तरापायी माणसाने सोन्याहून मोलाचे असे बरेच काही गमावले आहे, आणि अजूनही गमावतो आहे, असे माझे मत आहे. ते का, हे या लेखात तुमच्यापुढे मांडतो. सगळे वाचून झाल्यावर तुम्ही तुमचे मत ठरवा.

प्रथम या खजिनाशोधकांना त्यांचे श्रेय देऊ या. ते काही सगळे लुटारू नव्हते. स्पेनचे 'कॉन्सेप्सिऑन' नावाचे चांदीने भरलेले जहाज १६४१ मध्ये वेस्ट इंडीजमध्ये हिस्पॅनिओला बेटाच्या उत्तरेला खडकावर आपटून बुडाले. पुढे शेहेचाळीस वर्षांनी, १६८७ मध्ये, विल्यम फिप्स नावाच्या माणसाने ते शोधून काढले. हा फिप्स मूळचा अमेरिकेतला एक जहाज बांधणारा सुतार. त्याच्याकडे ना पाणबुड्यांचा पोशाख होता, ना हवेची नळी. पाणबुडे श्वास रोखून बुड्या मारत आणि हाताने चांदी वर आणत. दोन लाख पौंडांहून अधिक किमतीचा माल निघाला. फिप्सला इंग्लंडच्या राजाने 'सर' ही पदवी दिली आणि पुढे तो मॅसॅच्युसेट्सचा गव्हर्नर झाला. बुड्या मारणाऱ्यांची नावे मात्र कोणी लक्षात ठेवली नाहीत.

या बातमीने लंडनमध्ये खजिन्याचे वेडच पसरले. पाण्याखाली उतरण्याच्या नवनव्या यंत्रांचे पेटंट घेण्यासाठी रांग लागली. त्यांपैकी बहुतेक यंत्रे कागदावरच राहिली. पण १७१५ मध्ये जॉन लेथब्रिज या लोकरीच्या व्यापाऱ्याने केलेले यंत्र खरोखर चालले. ते यंत्र म्हणजे एक मोठे लाकडी पिंप! लेथब्रिज त्यात पालथा झोपे. डोळ्यांपुढे काचेची एक खिडकी असे. हात बाहेर काढायला दोन भोके ठेवलेली असत आणि त्यांना पाणी आत येऊ नये म्हणून चामड्याच्या घट्ट बाह्या लावलेल्या असत. पिंपात कोंडलेल्या हवेवर तो सुमारे अर्धा तास काम करू शके. मग वर येऊन भात्याने हवा बदलायची आणि पुन्हा खाली जायचे.

आता थोडे पदार्थविज्ञान आठवा. पाण्यात दर १० मीटर खाली गेले की दाब सुमारे एका वातावरणाने वाढतो. लेथब्रिज सुमारे १८ मीटरपर्यंत उतरे. म्हणजे पिंपाच्या आत त्याच्या अंगावर एक वातावरणाचा दाब, आणि बाहेर काढलेल्या हातांवर जवळजवळ तीन वातावरणांचा! हातांतले रक्त अंगाकडे ढकलले जात असणार आणि बाह्यांच्या कडा दंडात रुतत असणार. अशा अवस्थेत त्याने बुडालेल्या डच जहाजातून चांदी वर काढली. पाठीमागे मोठे कुटुंब होते आणि धंद्यात खोट आली होती. त्या गरजेने त्याला हे धाडस करायला लावले.

याच मार्गावरचा पुढचा मोठा टप्पा आपल्या मुंबईशी निगडित आहे. 'ईजिप्त' नावाची आगबोट मे १९२२ मध्ये लंडनहून मुंबईला निघाली होती. तिच्यावर सुमारे ५ टन सोने आणि सुमारे ४३ टन चांदी होती. खलाशांत हिंदी लष्करांचा, म्हणजे आपल्याकडच्या दर्यावर्दी कामगारांचा, मोठा भरणा होता. २० मे रोजी फ्रान्सच्या किनाऱ्याजवळ दाट धुक्यात एका मालवाहू जहाजाने तिला धडक दिली. काही मिनिटांतच ती बुडाली आणि ऐंशीहून अधिक माणसे दगावली.

जहाज पडले होते १२० मीटरांहून अधिक खोल. तिथे एकूण दाब तेरा वातावरणांच्या आसपास. त्या काळच्या पाणबुड्यांना नळीने हवा पुरवली जाई. इतक्या दाबाखाली हवेतला नायट्रोजन रक्तात विरघळून माणसाला दारू प्याल्यासारखी गुंगी येते. आणि घाईने वर यावे तर तोच वायू सोडावॉटरच्या बुडबुड्यांसारखा रक्तातून बाहेर पडतो. माणूस लुळा पडतो, किंवा मरतो. मग सोने काढायचे कसे?

एका इटालियन कंपनीने यावर साधा तोडगा काढला. खाली माणूस पाठवायचा, पण कामासाठी नव्हे, फक्त पाहण्यासाठी. जाड पोलादाच्या बंद नळकांड्यात बसून तो खाली जाई. आत नेहमीचाच दाब असल्याने त्याला काही होत नसे. काचेतून पाहून तो टेलिफोनवर सांगे, 'थोडे डावीकडे, आता खाली, आता पकड', आणि वर 'आर्तिल्यो' या जहाजावरचे लोक यारीने लोखंडी पंजा त्याप्रमाणे हलवत. आधी समुद्रतळ लांबलचक दोरांनी महिनोन् महिने विंचरून काढावा लागला. ऑगस्ट १९३० मध्ये 'ईजिप्त' सापडली. त्याच वर्षीच्या डिसेंबरात दारूगोळ्याने भरलेले दुसरे एक बुडालेले जहाज उडवताना प्रचंड स्फोट झाला. त्यात 'आर्तिल्यो' नष्ट झाले आणि मुख्य पाणबुड्या अल्बेर्तो जान्नी व त्याचे अनेक सोबती मरण पावले. उरलेल्यांनी दुसरे जहाज आणून काम पुढे चालू ठेवले. जून १९३२ मध्ये पहिले सोने वर आले, आणि १९३५ पर्यंत जवळजवळ सगळा माल निघाला.

माझ्या दृष्टीने हे काम चोख होते. ते सोने कोणाचे, ते ठाऊक होते. विमा कंपन्यांनी त्याची भरपाई दिलेली होती. जहाज नुकतेच बुडाले होते आणि त्याचे आराखडे व मालाच्या याद्या कचेरीत उपलब्ध होत्या. त्याच्यावर काय होते हे जाणून घेण्यासाठी समुद्राला विचारायची गरज नव्हती.

खरा प्रश्न उभा राहतो तो जुन्या जहाजांच्या बाबतीत. त्यांपैकी अनेकांच्या ना याद्या असतात, ना आराखडे. त्यांच्याविषयी जे काही कळायचे ते त्या तळाशी पडलेल्या ढिगाऱ्यातूनच कळायचे.

एखाद्या घरी चोरी झाली की पोलीस पहिल्याने काय करतात? पंचनामा. कोणती वस्तू कुठे होती, कपाट उघडे होते की बंद, काचा आत पडल्या होत्या की बाहेर, हे सगळे लिहून घेतात. तोवर कशालाही हात लावू देत नाहीत. काचा खोलीच्या आत पडल्या असतील तर चोर बाहेरून आला, बाहेर पडल्या असतील तर प्रकरण वेगळे. काच तीच, पण ती कुठे पडली यावरून सगळी हकीगत बदलते. घरच्यांनी काचा केरात टाकल्या, तर जगातला हुशारातला हुशार फौजदारही तो पुरावा परत आणू शकत नाही.

बुडालेले जहाज हे असेच एक घर आहे. ते एका दिवशी, एका क्षणी, जसे होते तसे थांबले. सोन्यासाठी तिथे घाईने हात घालणे म्हणजे पंचनाम्याआधीच घर झाडून काढण्यासारखे आहे.

हे कसे घडते ते पाहा. 'गेल्डरमाल्सन' हे डच जहाज कँटनहून हॉलंडला जाताना जानेवारी १७५२ मध्ये दक्षिण चिनी समुद्रात बुडाले. मायकेल हॅचर या खजिनाशोधकाने ते १९८५ मध्ये शोधले आणि १९८६ मध्ये अ‍ॅम्स्टरडॅमला माल लिलावात निघाला. चिनी मातीची सुमारे दीड लाख भांडी आणि सोन्याच्या सव्वाशे लगडी! गिऱ्हाइकांच्या उड्या पडल्या. पण ही भांडी म्हणजे त्या जहाजावरचा मुख्य माल नव्हता. मुख्य माल होता चहा. त्या चहाचा आणि जहाजाच्या सांगाड्याचा नीट अभ्यास झाला नाही. पेट्या कशा रचल्या होत्या, खलाशी कुठे राहत, काय खात, याची नोंद राहिली नाही. दीड लाख बशा आणि पेले जगभरच्या दिवाणखान्यांत गेले. त्यांपैकी एखादी बशी आज तुमच्या हातात आली, तर ती सुंदर आहे एवढेच ती सांगेल. ती जहाजात कुठे होती आणि तिच्या शेजारी काय होते, हे आता कोणीच सांगू शकणार नाही.

दुसरे उदाहरण 'आतोचा' या स्पॅनिश जहाजाचे. हे १६२२ मध्ये फ्लॉरिडाजवळ वादळात बुडाले. मेल फिशर या अमेरिकन माणसाने त्याचा सोळा वर्षे ध्यास घेतला. या शोधात १९७५ मध्ये त्याचा मुलगा, सून आणि एक पाणबुड्या असे तिघे बोट उलटून मृत्यू पावले. त्यानंतर बरोबर दहा वर्षांनी, २० जुलै १९८५ या दिवशी, चांदीच्या लगडींचा मुख्य ढीग सापडला. ही चिकाटी अचाट आहे, यात शंका नाही. पण शोधण्याची रीत पाहा. बोटीच्या पंख्यांपुढे कोपरासारखे वाकवलेले मोठे नळ लावायचे, पंख्यांचा झोत सरळ खाली सोडायचा आणि समुद्रतळाची वाळू उडवून तिथे खड्डा पाडायचा. जड सोने-चांदी जागेवर राहते. पण लाकूड, हाडे, बिया, दोर, चामडे? ती वाळूबरोबर उधळली जातात. पुढे फिशरच्या तुकडीत पुरातत्त्वज्ञाने काम केले आणि नोंदीही ठेवल्या, हे सांगायला हवे. तरी झोताने उडालेली वाळू पुन्हा थरांत बसवता येत नाही.

आता याउलट काय घडू शकते ते पाहू. मेहमेत चाकीर या तुर्की पाणबुड्याला १९८२ मध्ये स्पंज गोळा करताना उलुबुरुन नावाच्या भूशिराजवळ 'कान असलेली धातूची बिस्किटे' दिसली. ती तांब्याच्या लगडी होत्या, आणि जहाज होते सुमारे ३३०० वर्षांपूर्वीचे! जॉर्ज बास आणि जेमाल पुलाक या पुरातत्त्वज्ञांच्या तुकडीने १९८४ ते १९९४ असे अकरा उन्हाळे तिथे काम केले. जागा ४० मीटरांहून खोल. एका माणसाला एका बुडीत तळाशी जेमतेम वीस मिनिटे मिळत. अशा बावीस हजारांहून अधिक बुड्या झाल्या. प्रत्येक वस्तू हलवण्याआधी तिची जागा मोजली, चित्र काढले, छायाचित्र घेतले. तळाची वाळूसुद्धा चाळली.

त्यातून काय कळले? जहाजावर सुमारे १० टन तांबे होते आणि सुमारे १ टन कथील. दहास एक! रसायनशास्त्राच्या पुस्तकात कासे या मिश्रधातूचे प्रमाण पाहा. सगळा माल मोजला गेला म्हणूनच हे गुणोत्तर हाती आले. वितळवून पुरे सैन्य शस्त्रसज्ज करता येईल एवढा हा माल एकाच जहाजावर होता. तांब्यातील शिशाच्या समस्थानिकांवरून ते तांबे सायप्रस बेटावरचे ठरले. निळ्या काचेच्या लगडी होत्या, आबनुसाच्या जातीचे काळे लाकूड होते, हस्तिदंत होता, आणि ईजिप्तची राणी नेफर्तिती हिच्या नावाचे सोन्याचे एक छोटे पदकही होते. तीन हजार वर्षांपूर्वी किती देशांचा व्यापार एकमेकांत गुंतला होता, हे एका जहाजाने दाखवून दिले.

आणि याच जहाजावर सापडला तो उंदराचा जबडा! बिचारा उंदीर चोरून जहाजावर चढला असणार. शास्त्रज्ञांनी त्याच्या दाढेचा आकार भूमध्य समुद्राच्या पूर्व भागातील ठिकठिकाणच्या उंदरांशी ताडून पाहिला. तो जुळला उत्तर सीरियाच्या किनाऱ्याकडच्या उंदरांशी. जहाजावर माल होता अनेक देशांचा, त्यामुळे ते निघाले कुठून हे मालावरून ठरत नव्हते. ते ठरवायला त्या उंदराने मदत केली. पंख्याच्या झोताने वाळू उडवली असती, तर हा साक्षीदार कुठल्या कुठे गेला असता.

मोलाची वस्तू दिसायला मोलाची असतेच असे नाही, याचा आणखी एक दाखला देतो. ग्रीसमधील अँटिकिथेरा बेटाजवळ १९०० मध्ये स्पंज काढणाऱ्या पाणबुड्यांना एक प्राचीन जहाज सापडले. सुंदर पुतळे वर आले आणि सगळ्यांचे लक्ष त्यांच्याकडे लागले. त्या ढिगाऱ्यात गंजलेल्या काशाचा एक गोळा होता. तो अथेन्सच्या संग्रहालयात पडून राहिला. १९०२ मध्ये कोणाच्या तरी लक्षात आले की त्यात दातेरी चाक दिसते आहे! पुढे क्ष-किरणांनी पाहिले तेव्हा आत तीस चाके निघाली. त्यांतल्या एकाला २२३ दाते आहेत. दर २२३ चांद्रमासांनी, म्हणजे सुमारे १८ वर्षे ११ दिवसांनी, ग्रहणांचा क्रम पुन्हा येतो. दोन हजार वर्षांपूर्वीचे हे यंत्र ग्रहणांचे भाकीत करीत होते. खजिनाशोधकाच्या बोटीवर जागा कमी असती, तर हा गंजका गोळा पहिल्याने पाण्यात गेला असता.

आता तुम्ही दोन आक्षेप घ्याल, आणि ते योग्यच आहेत.

पहिला आक्षेप असा, की जहाज तसेच ठेवले तर समुद्र त्याचा नाश करीलच. मग कोणी सोने काढले तर बिघडले काय? हे अर्धे खरे आहे. उघड्या पडलेल्या लाकडाला शिंपल्यांच्या गटातला, पण किड्यासारखा दिसणारा एक प्राणी पोखरून टाकतो. जाळी आणि नांगर ओढणाऱ्या बोटीही नासधूस करतात. पण जो भाग वाळूत किंवा गाळात गाडला जातो, तिथे प्राणवायू पोचत नाही. मग कुजणे अतिशय मंद होते. उलुबुरुनचे लाकूड ३३०० वर्षे टिकले ते यामुळेच. अशा जहाजाला खरा धोका आहे तो वाळू दूर करण्यापासून. वस्तू वर आणली की धोका आणखी वाढतो. शेकडो वर्षे भिजलेले लाकूड नुसते वाळवले तर आक्रसून तडकते. लोखंडात मुरलेले क्षार हवेशी गाठ पडताच ते पोखरतात. म्हणून आधी प्रयोगशाळेची सोय, मग उत्खनन, असा क्रम हवा.

दुसरा आक्षेप पैशाचा. एवढा खर्च सोने विकल्याशिवाय भागणार कसा? याचे उत्तर स्वीडनने दिले आहे. 'व्हासा' ही त्यांची युद्धनौका १६२८ मध्ये पहिल्याच सफरीत स्टॉकहोमच्या बंदरात बुडाली. १६६० च्या दशकात पाणघंटेत बसून लोकांनी तिच्या पन्नासहून अधिक तोफा काढून नेल्या. तोफा त्या काळी फार मोलाच्या, म्हणून उरलेल्या जहाजाकडे कोणी ढुंकूनही पाहिले नाही. १९६१ मध्ये ते अखंड जहाज वर उचलले गेले. लाकूड तडकू नये म्हणून त्याच्यावर पॉलिएथिलीन ग्लायकॉल या मेणासारख्या रसायनाचा फवारा सतरा वर्षे मारला. आज ते पाहायला वर्षाला दहा लाखांहून अधिक लोक तिकीट काढून येतात. लगड एकदाच विकली जाते. जहाज मात्र जागेवर राहून पिढ्यान् पिढ्या कमाई करते, आणि शिकवतेही.

म्हणूनच युनेस्कोने २००१ मध्ये एक आंतरराष्ट्रीय करार तयार केला. शंभर वर्षांहून अधिक काळ पाण्याखाली असलेल्या सांस्कृतिक अवशेषांचा व्यापार करू नये आणि शक्यतो ते जागेवरच जपावेत, असे तो सांगतो. २००९ मध्ये तो अमलात आला. मला हा नियम योग्य वाटतो.

मात्र शंभर वर्षांची रेघ ओढली म्हणून अलीकडच्या जहाजांचा प्रश्न सुटत नाही. दुसऱ्या महायुद्धात 'टिलावा' ही आगबोट मुंबईहून आफ्रिकेकडे निघाली होती. २३ नोव्हेंबर १९४२ रोजी जपानी पाणबुडीने तिला सेशेल्स बेटांच्या ईशान्येला बुडवले. ९५८ पैकी २८० माणसे गेली. त्यांत हिंदी उतारू आणि खलाशी मोठ्या संख्येने होते. तिच्यावर दक्षिण आफ्रिकेने विकत घेतलेल्या चांदीच्या २,३६४ लगडी होत्या. २०१७ मध्ये एका कंपनीने अडीच किलोमीटर खोलीवरून त्या यंत्राने वर काढल्या, आणि मालकीचा खटला ब्रिटनच्या सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला. २०२४ मध्ये निकाल दक्षिण आफ्रिकेच्या बाजूने लागला. चांदीची एकेक लगड मोजली गेली. त्या २८० जणांची नावे आपल्यापैकी किती जणांना ठाऊक आहेत? यंत्राचा पंजा जिथे शिरतो ती जागा कोणाची तरी समाधी असते, हे विसरून चालणार नाही. जावा समुद्रात तर याहून वाईट घडले. १९४२ च्या लढाईत बुडालेल्या डच युद्धनौका २०१६ मध्ये पाहायला गेले तेव्हा जवळजवळ नाहीशाच झालेल्या होत्या. भंगारासाठी चोरांनी त्यांचे पोलाद कापून नेले होते.

पण अशा कामातही सचोटी आणि कुतूहल असले तर काय मिळते, याचे उदाहरण आहे 'गेरसप्पा'. शरावती नदीकाठच्या गावाचे नाव असलेली ही आगबोट डिसेंबर १९४० मध्ये कलकत्त्याहून निघाली आणि फेब्रुवारी १९४१ मध्ये आयर्लंडच्या पश्चिमेला जर्मन पाणबुडीने बुडवली. जहाजावरच्या ऐंशीहून अधिक माणसांपैकी एकच वाचला. ती पडली होती सुमारे ४,७०० मीटर खोल. तिथे दर चौरस सेंटिमीटरवर जवळजवळ ४७० किलोग्रॅम भार असतो. २०१२ आणि २०१३ मध्ये तिथून सुमारे ११० टन चांदी काढली गेली. पण त्या कामगारांनी चांदीबरोबर आणखी काही वर आणले. ती होती सातशेहून अधिक पत्रे! प्रकाश नाही, प्राणवायू जवळजवळ नाही, थंडी आणि वरून मालाचा भार, अशा स्थितीत तो कागद सत्तर वर्षे टिकला होता. भारतातून घरी लिहिलेली, कधीच न पोचलेली ती पत्रे तज्ज्ञांनी जपून उलगडली आणि २०१८ मध्ये लंडनच्या टपाल संग्रहालयात मांडली. चांदी वितळून गेली असेल. पत्रे आजही वाचता येतात.

आपल्या किनाऱ्यालाही असे साक्षीदार आहेत. गोव्याजवळ सुंची नावाच्या खडकापाशी सतराव्या शतकातील एका जहाजाचे अवशेष गोव्याच्या राष्ट्रीय समुद्रविज्ञान संस्थेच्या शास्त्रज्ञांनी अभ्यासले. तोफा, चिनी मातीच्या भांड्यांचे तुकडे, हस्तिदंत आणि पाणघोड्याचे दात तिथे मिळाले. तिथे सोन्याच्या राशी नाहीत. पण जरा विचार करा, भारतात पाणघोडा कुठे असतो? कुठेच नाही. तो आफ्रिकेतला. म्हणजे एका दाताने आफ्रिका, चीन आणि गोवा यांना जोडणारा व्यापाराचा मार्ग तुमच्यापुढे उभा केला.

कोकणात राहणाऱ्या वाचकांना आणि त्यांच्या शिक्षकांना म्हणून एक विनंती करतो. मासेमारीच्या जाळ्यात जुने मडके, नांगर, लाकडाचा कोरलेला तुकडा किंवा नाणे आले, तर ते घासून चकचकीत करू नका आणि वाळवूही नका. समुद्राच्याच पाण्यात बुडवून ठेवा. ते नेमके कुठे, किती खोलीवर मिळाले ते तांडेलाला विचारून त्याच दिवशी लिहून ठेवा आणि पुरातत्त्व खात्याला कळवा. मडके फुटले तरी चालेल, पण जागेची नोंद हरवली तर चालणार नाही.

शेवटी एका चालू परीक्षेविषयी सांगतो. 'सान होसे' हे स्पॅनिश जहाज १७०८ मध्ये इंग्रजांशी झालेल्या लढाईत कोलंबियाजवळ सुमारे ६०० माणसांसह बुडाले. त्याच्यावर सोने, चांदी आणि पाचू यांचा अगणित साठा असल्याचे मानतात. २०१५ मध्ये कोलंबियाने ते सुमारे ६०० मीटर खोलीवर शोधले. स्पेन, एक अमेरिकन कंपनी आणि ज्यांच्या पूर्वजांना खाणीत राबवून ती चांदी काढली गेली ते बोलिव्हियातील आदिवासी, अशा अनेकांनी त्याच्यावर हक्क सांगितला. कोलंबियाने २०२४ मध्ये ती जागा संरक्षित पुरातत्त्वीय क्षेत्र म्हणून जाहीर केली, आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये अभ्यासासाठी पहिल्या वस्तू वर काढल्या. त्या होत्या एक तोफ, एक पेला आणि काही नाणी. इतक्या मोठ्या खजिन्यावर बसूनही एखादा देश घाई न करता एकेक वस्तू मोजून उचलू शकतो का, हे पुढच्या काही वर्षांत दिसेल. त्या बातम्या येतील तेव्हा किती टन सोने निघाले हे वाचून थांबू नका. ती वाळू कोणी चाळली का, हेही शोधा.